शेवटचा आकडा

एच. एकसष्ट. टिंब. आठ. एक.
इथवर बोटं आपोआप जातात.
बाहेरच्या कानाच्या नळीत हाड वाढलंय,
गाठ वाईट नाही, जंतू नाहीत,
नुसतं थंड पाणी, वर्षानुवर्षं,
आणि शरीरानं त्याच्या तोंडावर
हळूहळू लोटून घेतलेलं दार.

मग शेवटचा आकडा.
एक म्हणजे उजवा. दोन म्हणजे डावा.
तीन, दोन्ही.
नऊ म्हणजे कुणी लिहिलंच नाही.
नऊ पुस्तकात आहे, पण विमा कंपनी
नऊ परत पाठवते,
धक्क्यावरचा व्यापारी पोकळ निघालेलं अर्चिन
पाण्यात भिरकावतो तसा.

डॉक्टर पकेट नोंदी गाडीत बोलतात, घरी जाताना.
"वय त्रेसष्ट. व्यवसाय पाणबुड्या.
नळी सत्तर टक्के बंद."
कोणत्या कानाची,
ते नोयोच्या पुलावर वाऱ्यात गेलं असणार.

नाव व्हायनो हिल्टुनेन.
फोर्ट ब्रॅगमध्ये कोण कुणाला ओळखत नाही?
तीस वर्षं तो अर्चिन काढायला उतरला,
समुद्रातलं केल्पचं रान मेलं
त्यानंतरही दोन वर्षं,
सवयीनं.
होडीत नेहमी मागे, डावीकडे टेकून,
वायव्येचा वारा उजव्या गालावर.
बेकरीत पावाची लादी मागताना
मान वळवून डावा कान पुढे करतो.
म्हणजे एक. उजवा.
एवढं तर मला दिसतंच.

पण नियम असा, की मला दिसतं ते धरायचं नाही.
जे लिहिलंय तेच खरं.
शेजारीण म्हणून मला जे ठाऊक आहे
त्याला रकाना नाही.
बावीस वर्षं हे काम करतेय,
एकही आकडा मनानं टाकलेला नाही.
डॉक्टरांना विचारणा पाठवली:
कृपया बाजू स्पष्ट करावी.

उत्तर यायला नऊ दिवस.
तेवढ्यात मी एकशे चाळीस माणसं आकड्यांत बसवली,
मोडलेली मनगटं, कुत्र्यांचे चावे,
शिडीवरून पडलेला एक पाद्री.

मर्ना गेली तेव्हाची गोष्ट.
दफनाला व्हायनो थेट पाण्यातून आला होता,
पहाटे उतरला होता म्हणे,
दुसरं काय करावं सुचलं नाही म्हणून.
केस ओले, कॉलर ओली.
मी त्याच्या डाव्या बाजूला गेले, चांगल्या कानाशी,
आणि मर्नानं शेवटच्या आठवड्यात
त्याला सांगायला सांगितलेलं एक वाक्य
हळूच सांगितलं.
असल्या गोष्टी का कुणी ओरडून सांगतं?
त्यानं मान हलवली.
काम झालं, असं वाटलं मला.
नंतर कधी तो त्याबद्दल बोलला नाही.
मलाही बरंच वाटलं.

दहाव्या दिवशी, दोन ओळी:
दोन्ही कान. उजवा सत्तर टक्के.
डावा नव्वद.
पोहून आल्यावर पाणी अडकतं,
तेव्हा डाव्यानं जवळजवळ काहीच ऐकू येत नाही.

नव्वद.
मग बेकरीत तो कान पुढे करत नव्हता,
डोळे पुढे करत होता.
पाववाल्या बाईचे ओठ त्या बाजूला असतात.

मी तीन टाकला.
ओळ हिरवी झाली. पुढची फाइल उघडली.
तीही उघडीच राहिली बराच वेळ.

सोमवारी तो खिडकीशी आला,
वाटा भरायला, शस्त्रक्रियेआधीचा.
"चाळीस डॉलर," मी म्हटलं.
"काय?"
मी उभी राहिले. काच सरकवली.
त्याच्या मागे रांगेत तीन जण होते,
त्यातला एक लहान मुलगा, नाकात बोट घातलेला.
"चाळीस डॉलर!" मी ओरडले.
त्यानं पैसे मोजून ठेवले, पावती घेतली.
"व्हायनो," मी त्याच आवाजात म्हटलं,
"थांब. अजून एक आहे."